मोगरी लावणारी माणसं



आषाढी एकादशीला जळगावच्या पिंप्राळ्याचा रथ निघतो, तेव्हा दोर ओढायला सारा गाव असतो. चाकाला मोगरी, म्हणजे लाकडी पाचर, लावणारे मात्र मोजकेच. रथ वळणावर वळतो, गर्दीपुढे थांबतो, तो त्यांच्या जिवावर. आनंद पटवर्धन यांनी माहितीपटांतून जवळपास पन्नास वर्षं देशाच्या रथाला मोगरी लावली, असं मी मानतो.

1950 साली मुंबईत जन्मलेल्या पटवर्धनांच्या घरातच स्वातंत्र्यलढा होता. नगरचे रावसाहेब आणि अच्युतराव पटवर्धन त्यांचे काका; अच्युतराव तर बेचाळीसच्या भूमिगत चळवळीतलं मोठं नाव. आनंद पटवर्धनांना देशद्रोही म्हणणाऱ्यांनी हे घर आधी पाहावं.

त्यांचा 'राम के नाम' आला तेव्हा बाबरी मशीद उभी होती. रामजन्मभूमीचे पुजारी लालदास त्यात मंदिराच्या राजकारणाविरुद्ध शांतपणे बोलतात. 1993 मध्ये त्यांचा खून झाला. याच माहितीपटाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. दूरदर्शनवर तो यावा म्हणून मात्र न्यायालयाची पायरी चढावी लागली. अणुचाचण्यांवरच्या 'जंग और अमन'लाही सेन्सॉरची कात्री लागत होती. 2003 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने तो जसाच्या तसा दाखवायला मोकळा केला. संविधानावर विसंबून हा माणूस लढला आणि जिंकला, हे तुम्ही आज पदवी घेणाऱ्यांनी ध्यानात घ्यावं.

मला सर्वांत मोठा वाटतो तो 'जय भीम कॉम्रेड'. 11 जुलै 1997 रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली. लोक रस्त्यावर आले, पोलिसांनी गोळ्या झाडल्या, दहा जीव गेले. त्या दुःखात शाहीर विलास घोगरे यांनी आत्महत्या केली. पटवर्धनांच्या 'हमारा शहर'मध्ये ते गायले होते. मित्र गेला, म्हणून पटवर्धन कॅमेरा घेऊन वस्तीत शिरले आणि 14 वर्षं चित्रीकरण करत राहिले. वार्ताहर निघून गेले, खटला रेंगाळला, लहान पोरं मोठी झाली, हे मात्र तिथेच थांबले. देशाचा अभिमान ज्यांच्या वाट्याला गोळी होऊन आला, त्यांच्या दारात इतकी वर्षं बसणं, ही मला देशभक्तीच वाटते.

स्वातंत्र्य कोणाच्या दारी पोचलं, हा प्रश्न आपल्या जिल्ह्याला नवा नाही. 1936 च्या डिसेंबरात काँग्रेसचं खेड्यातलं पहिलं अधिवेशन फैजपूरला भरलं. साने गुरुजी त्यासाठी राबले. स्वराज्यात शेतकऱ्याला काय मिळणार, याची चर्चा तिथे झाली. ती अजून संपलेली नाही.

अलीकडे 'वसुधैव कुटुम्बकम्'मध्ये पटवर्धनांनी कॅमेरा स्वतःच्या आईवडिलांकडे वळवला. तुमच्या खिशातही कॅमेरा आहे. घरात, गल्लीत बहात्तरच्या दुष्काळात खडी फोडलेली एखादी आजी असेल. तिच्याजवळ बसा. स्वातंत्र्य तुझ्या दारी केव्हा आलं, असं तिला विचारा. मधे बोलू नका, उत्तर आवडलं नाही तरी खोडू नका. आणि गाव, तारीख लिहून ते जपून ठेवा. या कामाला उशीर करू नका.