नुसती सही

आमच्या साक्षरता वर्गातल्या बाया सही करायला शिकल्या आणि आम्ही वर्ग आटोपला. पुढं त्यातल्या एकीनं भावाच्या सांगण्यावरून हक्कसोडपत्रावर सही केली. कागद तिला वाचताच आला नव्हता.

उत्तर प्रदेशातल्या चित्रकूटच्या कार्यकर्त्या सहीपाशी थांबल्या नाहीत. तिथं नवसाक्षर बाया १९९३ पासून ‘महिला डाकिया’ हे पत्रक काढत. ते बंद पडल्यावर २००२ मध्ये ‘निरंतर’ संस्थेनं ‘खबर लहरिया’ हे बुंदेली वृत्तपत्र सुरू केलं. बातमीदार बायाच, अनेकजणी दलित. हातपंप, रेशन, पोलिसांनी न घेतलेली तक्रार – बातमी आणायची त्यांनी, अंक गावोगाव विकायचाही त्यांनीच! छापील अंक आता निघत नाही. काम मोबाइलवर चालतं.

आमचा वर्ग परवापासून पुन्हा भरतोय. फळ्यावर हक्कसोडपत्राचा नमुना आहे. बाया अक्षर अक्षर लावताहेत.