सही करण्याआधी



आज पदवी घेणाऱ्या तुम्हा सर्वांचं अभिनंदन. पालकांचं जरा जास्तच. जळगाव, धुळे, नंदुरबारहून येऊन सुरतेच्या लिंबायत-उधन्यात लूमच्या खडखडाटात त्यांनी मुलांना अभ्यासाला बसवलं. तुमच्यातल्या बऱ्याच जणांच्या घरी मराठी बोलतात, म्हणून प्राचार्यांनी मला मराठीत बोलायची मोकळीक दिली आहे.

मी बेने इस्रायली ज्यू. मूळ अलिबागकडचे आम्ही, आडनावाच्या शेवटी ‘कर’, घरात मराठी. सुरत आम्हा ज्यूंना परकी नाही. अठराव्या शतकाच्या अखेरीस अलेप्पोचा शालोम कोहेन नावाचा व्यापारी आधी इथेच आला आणि 1798 मध्ये कलकत्त्याला गेला. तिथल्या ज्यू वस्तीची सुरुवात त्याच्यापासून धरतात. पुढे तो लखनौच्या दरबारात जवाहिऱ्या झाला. नशीब काढायला माणसं परदेशातून सुरतेला येत, असाही काळ होता. आज माणसं इथून परदेशी जातात, आणि मला त्याविषयीच बोलायचं आहे.

मी जन्मभर बास्केटबॉल शिकवला. खेळायला शिकलो मुंबईत, नागपाड्यात, बच्चू खान मैदानावर. आजूबाजूला मुसलमानांची, ख्रिस्त्यांची आणि आमची घरं. सिमेंटचं कोर्ट, पडलं की गुडघा सोललाच म्हणून समजा. अब्बास मुंतसीर खेळायला उतरले की पोरं कुंपणाला लटकायची. भारताचे कर्णधार, 1970 चा अर्जुन पुरस्कार, आणि राहायचे आमच्याच गल्ल्यांत! डावीकडे बघत उजवीकडे पास कसा द्यायचा, हे मी त्यांना बघून शिकलो. एवढं सगळं असून त्या वेळी या खेळावर घर चालवायची सोय देशात नव्हती. चांगला खेळाडू म्हणजे रेल्वेत, पोलिसात नाहीतर बँकेत चिकटलेला खेळाडू. सकाळी सराव, दुपारी टपालाची नोंदवही.

ही नोकरी आधार होती, हे मला मान्य आहे. पण तिने माणसं अडवलीही. माझ्या बरोबरीच्या एका उंचपुऱ्या खेळाडूला परदेशातून बोलावणं आलं होतं. त्याच्या खात्याने ना-हरकत प्रमाणपत्राची फाईल या टेबलावरून त्या टेबलावर इतकी फिरवली की तिकडचा मोसम संपून गेला. तो माणूस हेडक्लार्क म्हणून निवृत्त झाला. त्या फाईल फिरवण्याचा मला अजून राग येतो. म्हणूनच 2006 साली दक्षिण रेल्वेची गीतू अ‍ॅना जोस ऑस्ट्रेलियात रिंगवूड क्लबकडून खेळायला गेली, तेव्हा मी शिष्यांना पेढे वाटले. पुढे 2011 मध्ये ती अमेरिकेत व्यावसायिक संघांच्या चाचण्यांना जाऊन आली. आपल्याकडूनही जाता येतं, हे त्या मुलीने दाखवून दिलं.

मग माझा एक विद्यार्थी गेला. नाव सांगत नाही. आमच्याच समाजातला, पॉइंट गार्ड, मुंबईच्या कॉलेजातून बी.कॉम. झालेला. इस्रायलमधल्या खालच्या श्रेणीतल्या एका क्लबने त्याला बोलावलं. जाण्याआधी घरी मलिदा हा आमचा विधी झाला. गूळ-खोबऱ्याचे पोहे, फळं, एलियाहू हनबी या प्रेषिताचं स्मरण. आईच्या डोळ्याला धार. करारनामा पुढे आला तो हिब्रूत. हिब्रू प्रार्थना त्याला लहानपणापासून तोंडपाठ होत्या, पण करारातलं वाक्य लागत नव्हतं. एजंट म्हणाला, सगळं नेहमीचंच आहे. पोराने प्रत्येक पानाच्या कोपऱ्यात आद्याक्षरं घातली आणि शेवटी सही केली.

तिसऱ्या महिन्यात घोटा मुरगळला आणि पगार थांबला. दुखापत झाली तर क्लब करार मोडू शकतो, असं कलम त्यात होतं. खोलीही क्लबची होती, तीही गेली. आंतरराष्ट्रीय बास्केटबॉल महासंघाने अशा तंट्यांसाठी 2007 मध्ये लवाद सुरू केला. त्याचं पीठ जिनिव्हात आहे, कामकाज इंग्रजीत चालतं, आणि बुडालेला पगार तिथून वसूल झाल्याची उदाहरणं आहेत. पण तंटा त्या लवादापुढे नेता येईल असं करारात लिहिलेलं असावं लागतं. या मुलाच्या करारात ती एक ओळ नव्हती.

अशी सुटलेली ओळ दिसली की मला आमच्या समाजातले ज्युडा रुबेन आठवतात. मुंबई पोलिसांत बोटांच्या ठशांचे तज्ज्ञ आणि क्रिकेटच्या कसोटी सामन्यांचे पंच, 1969 ते 1977. हा माणूस दिवसभर भिंगातून ठशाची रेघन् रेघ तपासायचा. मला वाटतं, प्रत्येक कॉलेजात त्यांच्यासारखा एक जण सहीचं मोल शिकवायला हवा.

आणखी एक कागद आहे, दुसऱ्या देशाच्या नागरिकत्वाचा, त्याच्याविषयी तर मला तळमळून सांगायचं आहे. इलिनॉय विद्यापीठातून बाहेर पडलेला टाल ब्रॉडी हा अमेरिकन ज्यू 1965 मध्ये ज्यू खेळाडूंच्या मक्काबिया स्पर्धेला इस्रायलला गेला. अमेरिकेच्या व्यावसायिक संघाने निवडलेलं असतानाही त्याने मक्काबी तेल अवीव हा तिथला क्लब पसंत केला आणि 1977 मध्ये कर्णधार म्हणून युरोपचा चषक जिंकला. फायनल अवघ्या एका गुणाने! त्याची गोष्ट ऐकून आमची पोरं पेटतात. ज्यू असल्यामुळे तिथलं नागरिकत्व सहज मिळतं. नागरिक झालात की परदेशी खेळाडूंच्या मर्यादेत तुमची गणती होत नाही, त्यामुळे क्लबही तेच सुचवतो. पण ब्रॉडीचा अमेरिकन पासपोर्ट त्याच्याकडे राहू शकला. आपल्या 1955 च्या कायद्याप्रमाणे दुसऱ्या देशाचं नागरिकत्व स्वेच्छेने घेतलंत की भारताचं संपतं. आणि भारतीय पासपोर्ट नसेल तर भारताची जर्सी मिळत नाही. विशीतल्या मुलाला हे कोणीच नीट सांगत नाही. त्याने विचार करून तिकडचं व्हायचं ठरवलं, तर माझा आशीर्वाद आहे. पण एका मोसमाच्या सोयीपायी, न कळता, देशाचं दार बंद करून बसू नये.

तुमच्यातले कोणी हिऱ्याच्या धंद्यात अँटवर्पला जातील, कोणी दुबईला, कोणी शिकायला कॅनडाला. सर्वांना माझं एकच सांगणं आहे. जे वाचता आलं नाही त्यावर सही करू नका. समजत नसेल तर भाषांतर मागा, चार दिवस मागा. ‘आजच सही हवी’ म्हणणाऱ्याला नाही म्हणा. पासपोर्ट आणि आज मिळालेलं पदवीचं मूळ प्रमाणपत्र एजंटच्या ताब्यात देऊ नका, छायाप्रत द्या.

तो मुलगा परत आला, घोटा बरा झाला, आणि आता ठाण्यात शाळेतल्या पोरींना बास्केटबॉल शिकवतो. परदेशी जाणाऱ्या खेळाडूंचे करार तोच आधी वाचतो, शब्दकोश शेजारी ठेवून.

मी आज संध्याकाळपर्यंत इथेच आहे. कोणाकडे ऑफर लेटर, एजंटचा करार, कुठलाही न समजलेला कागद असेल तर स्टाफरूममध्ये घेऊन या. मी चष्मा आणला आहे.