केसलापूर : नागोबाचे गाव

गावाचा मोठेपणा आपण बहुधा घरांच्या संख्येवरून मोजतो. त्या मापाने आदिलाबाद जिल्ह्यातील केसलापूर हे अगदीच लहान ठरेल. गुडीहतनूरहून उटनूरकडे जाणाऱ्या रस्त्याने मुतनूरपाशी आत वळले, की कापसाच्या शेतांपलीकडे ही वस्ती लागते. काळी जमीन, सागाचे जंगल पांघरलेल्या टेकड्या आणि एक देऊळ. एरवी प्रवाशाने थांबावे असे येथे दुसरे काही नाही. परंतु पौष अमावास्या आली, की हजारोंच्या संख्येने गोंड बांधव येथे लोटतात. गावाला जणू मूळची माणसे परत मिळतात.

हे देऊळ नागोबाचे. मेस्राम कुळाचे दैवत. नागोबा हे नाव ऐकताच मराठी कानाला खंडोबा-म्हसोबा आठवावेत, यात नवल नाही. पैनगंगा ओलांडली की विदर्भच लागतो. गोंडांच्या कुळकथा किंगरीवर गाणारे येथील परधान घरात मराठी बोलत आले आहेत. १९५६ साली राज्यांची पुनर्रचना झाली, तेव्हा याच जिल्ह्यातील किनवट आणि राजुरा हे भाग मुंबई राज्यात गेले व उरलेला जिल्हा आंध्र प्रदेशात राहिला. २०१४ पासून तो तेलंगणात आहे. सीमा अशा हलल्या, पण यात्रेच्या वाटा हलल्या नाहीत. चंद्रपूर, यवतमाळ, नांदेडकडची माणसे आजही त्याच वाटांनी येतात.

या वाटांत सर्वांत पवित्र वाट पाण्याची. यात्रेपूर्वी मेस्राम कुळातील मंडळी अनवाणी पायांनी जन्नारमच्या बाजूस गोदावरीच्या हस्तिनमडुगू या डोहापर्यंत जातात आणि झारीतून पाणी आणतात. परत आल्यावर त्यांचा मुक्काम गावातील वडाखाली पडतो. पूजेची मडकी सिरिकोंड्याच्या कुंभारांनीच घडवावयाची, असा संकेत आहे. कुळाच्या स्वयंपाकासाठी चुली मांडतात त्या बावीसच. माणसे कितीही असोत, त्यांनी आपापल्या पाळीने त्याच चुलींवर रांधावयाचे. अमावास्येच्या रात्री गोदाजलाने अभिषेक होतो. मग कुळात नव्याने आलेल्या सुना पांढरी लुगडी नेसून देवाला भेटतात. या भेटीनंतर त्या खऱ्या अर्थाने मेस्राम होतात.

यात्रेत एक दरबारही भरतो. तो मात्र देवाचा नसून सरकारचा आहे, आणि त्याच्यामागे दुःखाचा इतिहास आहे. जंगल राखीव झाले, कसलेल्या जमिनी हातच्या गेल्या, तेव्हा कोमरम भीम यांनी निजामी अंमलाविरुद्ध शस्त्र उचलले. १९४० साली जोडेघाट येथे ते मारले गेले. पुढे व्हिएन्नाचे मानववंशशास्त्रज्ञ क्रिस्टोफ फॉन फ्यूरर-हायमेनडॉर्फ गोंडांची स्थिती अभ्यासण्यास आले व पत्नीसह मारलवाई या खेड्यात राहिले. तेथे १९४३ पासून गोंड शिक्षक तयार होऊ लागले आणि गोंडी पुस्तके देवनागरी लिपीत निघाली. गोंड मोठ्या संख्येने जमतात ते केसलापुरास, तेव्हा अधिकाऱ्यांनीच तेथे जाऊन गाऱ्हाणी ऐकावीत, हा विचारही त्याच दशकातला.

गाऱ्हाणे प्रामुख्याने जमिनीचे. अनुसूचित क्षेत्रातील जमीन बिगर आदिवासींकडे जाऊ नये, असा कडक निर्बंध १९७० साली आला. पण तो कागदावर येणे निराळे आणि बांधावर पोचणे निराळे. जवळच्याच इंद्रवेल्लीत २० एप्रिल १९८१ रोजी याच प्रश्नावर जमलेल्या आदिवासींवर गोळीबार झाला. सरकारी आकड्याप्रमाणे तेरा माणसे मेली. लोक अधिक सांगतात. तेथील स्तूप त्यांची स्मृती राखून आहे.

मेस्राम कुळाने आपसांत वर्गणी काढून नागोबाचे नवे दगडी मंदिर उभारले. २०२२ साली ते पुरे झाले. जे आपल्या हाती आहे ते हे लोक कोणाच्या तोंडाकडे न पाहता करतात, याची ती साक्ष आहे. गोदावरीचे पाणी दरवर्षी चालत जाऊन आणता येते. गेलेली जमीन तशी आणता येत नाही. म्हणून अभिषेक झाल्यावर हीच माणसे अर्जाचे कागद घेऊन दरबारात बसतात. केसलापूर समजून घ्यावयाचे, तर देवळाबरोबर तो दरबारही पाहिला पाहिजे.