मुलांस बक्षीस द्यावे ते कशाचे?
(पालकसभेतील एका शिक्षकाचे भाषण)



पहिला नंबर काढलास तर सायकल घेऊन देतो, असे आपण मुलास सांगतो. हेतू चांगला; पण नंबर त्याच्या एकट्याच्या हाती असतो काय? रोज शाळेस येणे, एक पान वाचणे, हे मात्र त्याच्या हाती आहे.

जोतीराव फुल्यांनी 1882 साली हंटर कमिशनपुढे बहुजनांच्या मुलांसाठी शिष्यवृत्त्या व बक्षिसे मागितली, ती शिक्षणाची गोडी लागावी म्हणून. शाहू छत्रपतींनी 1917 साली करवीर संस्थानात प्राथमिक शिक्षण मोफत व सक्तीचे केले आणि मूल न धाडणाऱ्या पालकास महिना एक रुपया दंड ठेवला. दंड बापास, मुलास नव्हे! पुढे 1992 साली सरकारने गरीब मागास घरांतील मुलींस दर दिवशी एक रुपया भत्ता सुरू केला. तोही हजेरीचा, नंबराचा नव्हे.

माझीच चूक सांगतो. मी पहिल्या तिघांस पेन देऊ लागलो. दर वेळी तीच तीन मुले. आई भांगलणीस गेली की धाकट्या भावास सांभाळणारी एक पोर म्हणाली, "गुरुजी, मला न्हाई मिळायचं, मग कशाला वाचू?" पेने बंद केली. आता काल अडलेला धडा ज्यास आज आला, त्याने तो साऱ्या वर्गास वाचून दाखवायचा. त्या पोरीने महिन्यात जोडाक्षरे काढली.

घरी खर्च नको. धार काढून झाली की घटकाभर पोराचे वाचन ऐका. आपणांस अक्षर येत नसले तरी ऐका. चुकले असेल ते उद्या मी पाहीन.