एका हाताचे नृत्य

श्रोतेहो, नृत्य ही पाहायची कला, आणि रेडिओवर तर दिसायचे काहीच नाही. तेव्हा आज थोडी मदत तुम्हीच करा. एक हात वर घ्या आणि डोळ्यांसमोर धरा. आता मधले बोट सावकाश वाकवा. सरळ करा. शेजारच्या बोटावर घासा. बस्स, एवढेच.

१९६६ साली अमेरिकन नर्तिका यव्होन रेनर मोठ्या शस्त्रक्रियेनंतर इस्पितळात पडून होत्या. वय तिशीच्या थोडे पुढे. विल्यम डेव्हिस या सहकारी नर्तकाने खाटेपाशी ८ मिलिमीटरचा कॅमेरा आणला आणि त्यांचा नुसता एक हात टिपला. मागे करडा रंग. चेहरा नाही, संगीत नाही. 'हँड मूव्ही' हा तो काही मिनिटांचा मूकपट. (तुमचा हात एव्हाना अवघडला असेल, घ्या खाली.)

आपल्याकडे नर्तकीचा हात कमळ होतो, हरिण होतो. या हाताला मात्र काहीच व्हायचे नाही. बोट बोटाला ढकलते, तळवा वळतो, पाठ दाखवतो. प्रथम वाटते, हे कसले नृत्य? मग हळूहळू बोटांची पेरेसुद्धा वेगवेगळी दिसू लागतात.

पण हे आजारपणात सुचलेले नव्हे हं! त्याच वर्षी जानेवारीत, न्यूयॉर्कच्या जडसन चर्चमध्ये, बाईंनी 'ट्रिओ ए' सादर केले होते. जेमतेम पाच मिनिटांच्या या रचनेत ना कुठे कळस, ना प्रेक्षकांकडे एक कटाक्ष. नटवेपणा त्यांनी आधीच टाकला होता, म्हणून खाटेवरही हाती काहीतरी उरले.

तरी मला वाटते, मर्जीने टाकणे निराळे आणि दुखण्याने हिरावून घेणे निराळे. बाईंनी हा फरक लपवला नाही, हे मला मोठे वाटते. १९६७ साली अंगात पुरते बळ आलेले नसताना त्यांनी तेच 'ट्रिओ ए' रंगमंचावर केले, आणि नाव दिले 'कन्व्हलेसेंट डान्स'. म्हणजे दुखण्यातून उठणाऱ्या माणसाचे नृत्य. आव आणला नाही, की दया मागितली नाही.

पुढे २०१० साली, वयाच्या पंचाहत्तरीत, पुन्हा तीच रचना. या वेळी शीर्षकातच म्हातारपण आणि बोलणे, दोन्ही होते. काय जमत नाही ते बाई नाचता नाचताच प्रेक्षकांना सांगत होत्या.