वॉल्टर क्रेन : बालपुस्तकांचे चित्रकार



मुलांच्या हाती पडणारे पुस्तक स्वस्त असले, तरी त्यातील चित्र हलके असू नये, हा विचार इंग्लंडमध्ये ज्यांनी कृतीने रुजविला, त्यांत वॉल्टर क्रेन अग्रगण्य होत.

त्यांचा जन्म १८४५ साली लिव्हरपूल येथे झाला. वडील टॉमस हे व्यक्तिचित्रकार. त्यामुळे चित्रकलेचे संस्कार घरातच झाले. १८५९ मध्ये, वयाच्या तेराव्या वर्षी, वॉल्टर हे लंडनमध्ये लाकडी ठसे कोरणाऱ्या लिंटन यांच्याकडे उमेदवारीस राहिले. त्याच वर्षी पितृछत्र हरपले. तीन वर्षे ठशांसाठी रेखाटन करताना रेषेची शिस्त त्यांच्या अंगी मुरली.

१८६५ पासून मुद्रक एडमंड एव्हन्स यांच्या साहाय्याने त्यांची रंगीत चित्रपुस्तके निघू लागली. किंमत अवघी सहा पेन्स. परंतु ठसठशीत बाह्यरेषा, सपाट रंग व पानाची सुबक मांडणी यांत कसूर नसे. १८८२ मध्ये भगिनी ल्यूसी यांनी ग्रिमबंधूंच्या कथा इंग्रजीत आणल्या. चित्रे वॉल्टर यांनी काढली. १९१५ साली त्यांचे निधन झाले.

मूल अक्षराआधी चित्र वाचते. म्हणून फळ्यावर आपण काढलेले चित्र साधे असले, तरी त्याची रेषा स्पष्ट व विचारपूर्वक काढलेली असावी.