दीडकी, अडीचकी, औटकी : लसीकरणाचा परवचा

(सातारा व सांगली जिल्ह्यांतील शिक्षक व पंचायत सदस्यांसमोर एका निवृत्त प्राथमिक शिक्षकाने केलेल्या भाषणाचा मजकूर)



आपल्यापैकी जे सत्तरीच्या आसपास आहेत, त्यांनी लहानपणी दिवेलागणीला परवचा म्हटलेला असेल. पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दीडकी, अडीचकी, औटकी. १९५७ मध्ये दशमान नाणी आली, पाठोपाठ मेट्रिक मापे आली आणि हे पाढे मागे पडले. औट म्हणजे साडेतीन, हे आज पाचवीतल्या मुलाला समजावून सांगावे लागते.

त्या पाढ्यांची आठवण आज काढावी, याचे कारण निराळे आहे. बाळाला दीड, अडीच आणि साडेतीन महिन्यांनी लसी द्यावयाच्या असतात. म्हणजे दीडकी, अडीचकी, औटकी. जुन्या पाढ्यांतील शेवटच्या तिघांचा क्रम आणि लसीकरणाचा क्रम योगायोगाने जुळला आहे. घरातील आजी-आजोबांच्या जिभेवर जे आधीच बसलेले आहे, त्याचा उपयोग आपण करून घेऊ नये काय?

शासकीय वेळापत्रकात हे टप्पे आठवड्यांत दिलेले असतात : ६, १० आणि १४ आठवडे. दिवसांत ते ४२, ७० आणि ९८ होतात. आपल्या पाढ्याने मोजले तर साधारणपणे ४५, ७५ आणि १०५ दिवस येतात. फरक थोडा आहे, आणि तो उशिराच्या बाजूचा आहे. हे महत्त्वाचे आहे. कारण दोन मात्रांमध्ये निदान २८ दिवसांचे अंतर हवे. त्याआधी दिलेली मात्रा पुरेशी उपयोगी पडत नाही. पाढा चुकला तरी तो बाळाला वेळेआधी नेत नाही.

वाराचा हिशेब तर याहूनही सोपा. ४२, ७० व ९८ या तिन्ही संख्यांना सातने नि:शेष भाग जातो. बाळ बुधवारी जन्मले असेल, तर तिन्ही टप्पे बुधवारीच भरतात. तुमच्या उपकेंद्राचे सत्र महिन्यातील दुसऱ्या मंगळवारी असते असे समजा. एका दुसऱ्या मंगळवारापासून पुढच्या महिन्याच्या दुसऱ्या मंगळवारापर्यंत एकतर २८ दिवस होतात किंवा ३५. त्यापेक्षा कमी कधीच नाही. शिक्षकांनी हे उदाहरण वर्गात फळ्यावर करून पाहावे. मुले ते घरी जाऊन सांगतील.

आता पहिल्या टप्प्याविषयी. कावीळ ब ची जन्मवेळची मात्रा २४ तासांच्या आत, आणि पोलिओचे पहिले थेंब १५ दिवसांच्या आत द्यावयाचे असतात. प्रसूती रुग्णालयात झाली, तर बीसीजीसह हे सर्व तेथेच उरकते. पुढे आपल्याकडे बाळंतिणीने सव्वा महिना घराबाहेर पडू नये, अशी रीत आहे. सव्वा महिना संपतो आणि थोड्याच दिवसांत दीड महिना भरतो. देवदर्शनाला म्हणून बाळाला प्रथम बाहेर काढतात, त्याच आठवड्यात आरोग्य सेविकेकडे न्यावे. ‘अजून फार कोवळे आहे’ असे म्हणून थांबण्याचे कारण नाही. डांग्या खोकला कोवळ्या बाळालाच अधिक घातक असतो.

साडेतीन महिन्यांनंतर मात्र मोठी पोकळी येते. बाळ पालथे पडते, बसू लागते, उष्टावण होते आणि घर निर्धास्त होते. नऊ महिने पूर्ण झाल्यावरची गोवर-रुबेलाची पहिली मात्रा याच निर्धास्तपणात राहून जाते. ‘नऊ महिने पोटात, नऊ महिने बाहेर’ असे म्हटले तर ती विसरणार नाही. ही लस आधी का देत नाहीत, असे माता विचारतात. आईकडून आलेले संरक्षण बाळाच्या रक्तात असते; ते ओसरेपर्यंत लशीचा प्रभाव नीट पडत नाही. नवव्या महिन्यात लस दिलेल्या शंभरांपैकी सुमारे ८५ बालकांनाच संरक्षण मिळते, म्हणून १६ ते २४ महिन्यांच्या दरम्यान दुसरी मात्रा. पुन्हा दीडकीच, फक्त आता वर्षांची. २०२२ च्या अखेरीस मुंबई व भिवंडी येथे गोवराने बालके दगावली, ही फार जुनी गोष्ट नव्हे.

पाढे शिकविण्यात माझी तीस वर्षे गेली, तरी माझ्याच नातीची नवव्या महिन्याची मात्रा चुकली. तिचा जन्म आटपाडी तालुक्यात, आईच्या माहेरी झाला. चार महिन्यांची असताना ती आमच्याकडे कोरेगाव तालुक्यात आली. कार्ड माहेरच्या कपाटातच राहिले. त्यांना वाटले आम्ही पाहू, आम्हाला वाटले त्यांनी पाहिले. पहिल्या वाढदिवसाला आशा ताईंनी विचारले तेव्हा उलगडा झाला. उशीर झाला तरी ती मात्रा देता येते आणि आधीच्या मात्रा पुन्हा घ्याव्या लागत नाहीत, हे मला त्या दिवशी कळले. अनेक घरे या लाजेपोटीच केंद्रावर जाणे टाळतात. बाळाबरोबर बाळंतविडा पाठवितो तसे कार्डही पाठवावे.

लशींची नावे गुंफून गाणी रचण्याचा उत्साह आपल्या शिक्षकांत फार. माझे मत त्याविरुद्ध आहे. १९८५ मध्ये सार्वत्रिक लसीकरण कार्यक्रम सुरू झाला तेव्हाची त्रिगुणी लस पहिल्या तीन टप्प्यांवरून गेली आणि तेथे पेंटाव्हॅलंट आली; गोवराच्या जागी गोवर-रुबेला आली; रोटा आणि न्यूमोकॉकल यांची भर पडली. नावांवर रचलेले गाणे दर काही वर्षांनी खोटे पडते. नावे कार्डावर असतात आणि सेविकेला ती पाठ असतात. आईला वय आठवले म्हणजे पुरे. शाळेपुरते सांगावयाचे तर पहिलीत जाताना त्रिगुणीची दुसरी वर्धक मात्रा, आणि दहाव्या व सोळाव्या वर्षी टीडी. हे हजेरीपटावरूनच कळू शकते.

कृष्णाकाठी दिवाळीच्या सुमारास ऊसतोडीच्या टोळ्या येतात. कोणी बीडकडून, कोणी आपल्याच जत तालुक्यातून. त्यांच्या कोप्यांत दीडकी ते औटकीच्या वयाची बाळे असतात. कार्ड गावी, गाव शंभर कोसांवर, आणि सत्राचा वार त्यांना कोणी सांगितलेला नसतो. टोळीत किती कोयते आहेत, हे मुकादम वही न उघडता सांगतो. गाळप सुरू होण्याच्या पहिल्याच आठवड्यात पंचायत सदस्यांनी आशा ताईंना घेऊन तेथे जावे, त्याच वहीत प्रत्येक लहान मुलाचे नाव आणि जन्माचा दिवस लिहून घ्यावा, आणि सत्राचा वार मुकादमाच्या देखत आईला सांगावा.